एक धपाटा म्हणजे जा

आमच्या मंडळाची माणसं एकत्र बसली की चहा येईपर्यंत कामाचं बोलतात. पुढच्या कार्यक्रमाची तारीख, गाडी कोणाची, पेट्या कोण उचलणार, वगैरे. चहा आला की कोणीतरी "त्या वेळचं आठवते का बे?" म्हणतं आणि काम बाजूला राहतं. आमचा कार्यक्रम फार तर दीड तासाचा. पण त्याच्या आधीचं आणि नंतरचं धरलं तर प्रत्येक कार्यक्रम एखादा किस्सा मागे ठेवून जातोच. कपड्यांच्या पेट्या दिवाळीत रिकाम्या करून उन्हात घालता येतात. किस्से मात्र साचतच जातात.

तर आधी माणसं सांगतो. घडीभर कला मंडळ, मुक्काम वर्धा. यातले मधूभाऊ उमाटे म्हणजे आमचे सगळे नट. मी बरोबर लिहिलं आहे, एकटे मधूभाऊच सगळे नट. शेतकरी, पोलिस, आजीबाई, डॉक्टर, पुढारी, जो कोणी स्टेजवर येईल तो मधूभाऊ. एरवी सरकारी ऑफिसात क्लार्क, आणि तिथे इतके शांत की बाजूच्या टेबलवाल्याला ते रजेवर आहेत की हजर आहेत हे विचारावं लागतं. त्यांच्यासमोर खुर्चीत बसून गंभीर चेहऱ्यानं प्रश्न विचारणारा रमेश कोल्हे. त्याचं बाजारात किराणा दुकान आहे आणि त्याचा चेहरा जन्मतःच गंभीर आहे. मी शाळेत मराठी शिकवतो आणि मंडळात पडदा ओढतो. देशकर सर इंग्रजीचे, आता रिटायर झाले, पण हे सगळं वेड त्यांनीच लावलं. आणि पडद्यामागे कुंदावहिनी, मधूभाऊंच्या पत्नी. त्या नसत्या तर मधूभाऊ फक्त पहिलं पात्र करून घरी परत आले असते.

* * *

देशकर सरांचे मोठे भाऊ इंग्लंडात होते. ते एकदा सुट्टीवर आले तेव्हा व्हिडिओ कॅसेट घेऊन आले. तिकडच्या टीव्हीवरच्या जुन्या कॉमेडीच्या. सरांच्या घरी व्हीसीआर भाड्यानं आणला आणि आम्ही सगळे सतरंजीवर बसून बघत होतो. इंग्रजी आम्हाला शाळेपुरतं येत होतं, आणि ते लोक बोलत होते ते काही शाळेतलं नव्हतं.

"सर, हा काय म्हणून राह्यला?" रमेशनं विचारलं.

"ते महत्त्वाचं नाही," सर म्हणाले. म्हणजे त्यांनाही कळत नव्हतं.

पण त्यात एक नट होता. तो दारातून पाद्री होऊन गेला आणि दुसऱ्या दारातून म्हातारी होऊन आला. म्हातारी खुर्चीत बसते न बसते तोच पोलिस झाला. मग दुकानदार, मग कुणी मोठ्या घरची बाई. आम्ही हसून हसून लोळत होतो. मधूभाऊ मात्र हसत नव्हते. टीव्हीच्या अगदी जवळ सरकून बसले होते.

"सर, हा मानूस कपडे कवा बदलते?"

"दाराच्या मागे बदलत असेल," सर म्हणाले.

"येवढ्या लवकर?"

"इंग्रज आहेत ते," सरांनी सांगितलं. "वेळेचे पक्के."

मधूभाऊंनी ती कॅसेट मागे घेऊन घेऊन तेवढाच भाग बघितला. व्हीसीआरवाला न्यायला आला तरी त्यांचं बघणं चालूच होतं. उठताना म्हणाले, "त्याले जमते तं आपल्यालेही जमन."

* * *

जमलं नाही. पहिले कितीतरी दिवस मधूभाऊ घरच्या माजघरातून पोलिस होऊन बाहेर येत तोवर रमेशचा चहा पिऊन व्हायचा. पँटच्या बटणातच सगळा वेळ जायचा. कुंदावहिनी घरी ब्लाउज शिवायच्या. त्या मशीनवर बसून हे सगळं बघत होत्या. शेवटी त्यांना राहवलं नाही.

"पुढून काऊन घालून राह्यले तुमी? मांगून घाला."

त्यांनी मधूभाऊंचा एक चांगला शर्ट घेतला आणि पाठीवर वरपासून खालपर्यंत कापला. तो त्यांचा ऑफिसचा शर्ट होता. वहिनींनी त्याला मागून टिचबटणं लावली. समोरून शर्ट दिसायचा, मागून एका झटक्यात उघडायचा. तसंच डॉक्टरचा कोट, तसाच पुढाऱ्याचा झब्बा, आणि साडीसुद्धा शिवलेली, निऱ्यांसकट. तेव्हापासून आमच्या कार्यक्रमात मधूभाऊ प्रेक्षकांकडे पाठ करत नाहीत. केली तर सगळा संसार उघडा पडेल.

वहिनींची पद्धत ठरलेली आहे. विंगेत एक दोरी, तिच्यावर कपडे पात्रांच्या क्रमानं टांगलेले. दोरीच्या टोकाला एक आरसा. मधूभाऊ आत येतात, आरशासमोर उभे राहतात, हात पुढे करतात. वहिनी मागे उभ्या राहून जुनं उतरवतात आणि नवं चढवतात. जिथे बटण धोका देईल तिथे पिन लावायची, म्हणून पिना कायम तोंडात धरलेल्या. तोंडात पिना, म्हणजे बोलणं बंद. मग इशारे ठरले. पाठीवर एक धपाटा म्हणजे जा. दोन म्हणजे थांब. आणि तिसरा एक प्रकार आहे, तो इशारा नाही, तो राग आहे.

मधूभाऊ एकदा मला म्हणाले होते, "आमचं लग्न होऊन येवढे वर्ष झाले, पन कार्यक्रमाच्या दिवशी मले तुमची वहिनी फक्त आरशातच दिसते."

* * *

आमचा पहिला मोठा कार्यक्रम वर्ध्यातच, एका गणेश मंडळाचा. स्टेजवर एक ऑफिस, टेबलामागे साहेब म्हणजे रमेश, आणि त्याच्याकडे एकामागून एक येणारे लोक. सात पात्रं. कार्यक्रम रंगला. शेवटी प्रमुख पाहुणे माइकवर आले आणि म्हणाले, "आता आपण सर्व कलाकारांचा शाल आणि नारळ देऊन सत्कार करू या."

मंडळवाल्यांनी सात शाली आणि सात नारळ आणून ठेवले होते. वर रमेशचा एक.

आत मधूभाऊ पाणी पीत बसले होते. मी धावत जाऊन सांगितलं. आता बाहेर जाऊन "सगळे मीच आहे" म्हणणं सोपं होतं. पण मधूभाऊंना ते पटेना. "त्या लोकाईनं सात नारळ फोडून आनले नाई, सोलून आनले बाप्पा," ते म्हणाले. "मान राखाले पायजे." आणि हात पुढे करून आरशासमोर उभे राहिले.

पोलिस गेला, सॅल्यूट मारून शाल घेऊन आला. आजीबाई गेल्या, पाहुण्यांना आशीर्वाद देऊन आल्या. वहिनी आत शाली बाजूला फेकत होत्या आणि पुढचा कोट चढवत होत्या. पुढाऱ्यानं तर शाल घेऊन उलट पाहुण्यांनाच दोन शब्द सुनावले. सातवा नारळ घेताना पाहुण्यांनी मधूभाऊंचा हात हातात धरून ठेवला आणि निरखून पाहिलं. माझ्या हातातला पडदा सुटायचा बाकी होता.

"तुमच्या मंडळातले सगळे एकाच घरचे दिसतात," पाहुणे म्हणाले.

सगळं आवरून झाल्यावर नारळांचा ढीग बघून माझ्या लक्षात आलं की जिच्यामुळे हे सगळं झालं तिलाच नारळ मिळाला नव्हता. मला वाईट वाटलं. मी वहिनींपुढे एक नारळ धरला. त्यांनी तोंडातल्या पिना काढून पदराला लावल्या आणि हसल्या.

"नारळ मले नोको भाऊजी. मले एक डाव समोर बसून पाहाचं हाय. हे करते तरी काय, मले का मालूम? मी तं नुसती पाठच पाह्यली."

मी म्हटलं, "बसवू वहिनी, पुढच्या खेपेला नक्की." पुढची खेप काही आली नाही. कशी येणार? त्या समोर बसल्या तर मागे कोण?

* * *

नाचणगावचा कार्यक्रम हा आमच्या आयुष्यातला सगळ्यात शांत कार्यक्रम. त्याचं कारणही ती कॅसेटच.

कॅसेटमध्ये प्रत्येक वाक्यानंतर हशा यायचा आणि नट तेवढा वेळ थांबायचा. देशकर सर म्हणाले, "हे तंत्र आहे. वाक्य टाकायचं आणि थांबायचं." मधूभाऊंनी ते मनावर घेतलं. नाचणगावात पहिलं वाक्य टाकलं आणि थांबले. समोर शांतता. दुसरं टाकलं आणि थांबले. शांतता. रमेश खुर्चीत गंभीर, मधूभाऊ उभे, आणि समोर सगळा गाव तोंडाकडे बघत बसलेला. पहिला हशा यायला अर्धा कार्यक्रम गेला, तोही एक कुत्रं स्टेजवर आलं म्हणून.

नंतर ज्यांच्या घरी जेवण होतं त्या आजोबांना मी भीत भीत विचारलं, "आवडलं नाही का लोकांना?"

"आवडलं ना, लय आवडलं," आजोबा म्हणाले. "पन थे भाऊ मधात मधात बोलनं इसरून राह्यलते. लोक म्हने, बिचाऱ्याले आठवू द्या, आता हासलो तं अखिन गडबडन."

मधूभाऊंनी त्या दिवसापासून थांबणं सोडलं.

* * *

आता मुक्या बाईचा किस्सा.

एका कार्यक्रमात शेवटच्या पात्राच्या वेळी घोटाळा झाला. मधूभाऊ साडी घालून बाहेर गेले आणि या बाईनं बोलायचं काय तेच विसरले. अगदी कोरे. रमेश खुर्चीतून हळूच म्हणतो आहे, "बोला बाई, बोला बाई," आणि यांना काही सुचेना. त्यांच्या पदराला वहिनींनी लावलेल्या पिना होत्या. त्यांनी त्या काढल्या, तोंडात धरल्या आणि कमरेला पदर खोचला. आता बोलायची गरजच उरली नाही.

मग त्यांनी जे केलं ते मी पडद्याच्या कडेनं पाहिलं. त्यांनी हवेतला एक माणूस कॉलर धरून जवळ ओढला. त्याला गर्रकन फिरवला. त्याच्या अंगातून काहीतरी उपसून काढलं, दुसरं काहीतरी कोंबलं, खांद्यावरचा धागा झटकला, पाठीवर एक धपाटा घालून त्याला पुढे ढकलला. मग त्याच्याकडे बघत कडेला उभ्या राहिल्या आणि तो जे बोलत असेल ते शब्द न् शब्द पिना सांभाळत ओठांनी म्हणू लागल्या. तो चुकला की कपाळाला हात. त्याला टाळ्या मिळाल्या की पदरानं हात पुसून लगेच पुढच्या कपड्याकडे वळायच्या.

ते मधूभाऊ नव्हतेच. त्या कुंदावहिनी होत्या. उभं राहणं त्यांचं, मान त्यांची, धपाटा त्यांचा.

लोक वहिनींना ओळखत नव्हते, पण अशी बाई प्रत्येकाच्या घरी होती. बाया तर डोळे पुसत होत्या हसून हसून. असा हशा आम्ही कधी ऐकला नव्हता, कॅसेटमध्येसुद्धा नाही. त्या दिवसापासून मुकी बाई हे आमचं शेवटचं पात्र झालं आणि लोक तिच्यासाठीच बोलावू लागले.

मागे वहिनींना फक्त हशा ऐकू यायचा. मधूभाऊ आत आले की त्या विचारायच्या, "लोक काऊन हासले येवढे? तुमी बोलले तं काईच नाई."

"साडी पाहून हासतात," मधूभाऊ म्हणायचे.

"माही साडी हाय थे. त्यात हासाचं काय हाय?"

आम्ही दोरी गुंडाळायला लागायचो.

* * *

मधूभाऊंची अडचण मला हळूहळू कळली. वहिनी समोर बसू शकत नाहीत याचं वाईट वाटल्याचं ते लोकांपुढे दाखवायचे. आतून त्यांना सुटल्यासारखं वाटायचं. एकदा एसटीत पेट्या मांडीवर घेऊन येताना ते म्हणाले, "मास्तर, तिनं पाह्यलं आन् तिले वाटलं का मी गावोगावी तिची टिंगल करून राह्यलो, तं?"

"टिंगल आहे का ती?" मी विचारलं.

"नाई ना. पन हे तिले मी कसं सांगू? सांगता आलं असतं तं स्टेजवर काऊन केलं असतं?"

मला त्यांचं पटलं, आणि वहिनींचंही पटत होतं. अशा वेळी पडदा ओढणाऱ्यानं पडदा ओढावा हे बरं.

एका वर्षी मात्र धोका झाला. एका मंडळानं कार्यक्रमाचं शूटिंग केलं आणि मोबाइलवर थेट वहिनींनाच पाठवलं. मधूभाऊ ऑफिसात होते. त्यांना कळलं तसे अर्धी रजा टाकून घरी आले. येताना मला आणि रमेशलाही घेऊन आले, म्हणजे काही झालं तर साक्षीदार असावेत.

वहिनी ओट्यावर बसून व्हिडिओ बघत होत्या. पूर्ण बघितला, एकदाही न थांबता. मग चष्मा काढला. मधूभाऊ दारातच उभे होते, पायातल्या चपलाही काढल्या नव्हत्या.

"पाह्यलं का?" त्यांनी विचारलं.

"पाह्यलं."

"मंग?"

वहिनींनी मोबाइल आमच्याकडे वळवला. कॅमेऱ्याच्या अगदी पुढे एक पाहुणे बसले होते. पहिल्यापासून शेवटपर्यंत स्क्रीनभर त्यांच्या डोक्याची मागची बाजू, आणि कडेला रमेशचा एक हात.

"फेटा चांगला बांधला होता," वहिनी म्हणाल्या आणि चहा ठेवायला आत गेल्या.

* * *

वहिनींशिवाय एकदाच कार्यक्रम केला. त्यांना ताप होता. रमेश म्हणाला, मी खुर्चीतून उठून मागे जातो, साहेब रजेवर आहेत असं दाखवू. दोरीवरचे कपडे त्यानं दुकानातल्यासारखे नीट लावले, म्हणजे मोठे एकीकडे आणि छोटे एकीकडे. क्रम गेला.

पोलिस बाहेर आला तो आजीबाईंच्या अंबाड्यासकट. अंगावर खाकी, कमरेला पट्टा, डोक्यावर टोपी, आणि टोपीच्या मागे भलामोठा अंबाडा. मधूभाऊंना पत्ता नाही. ते आपले रुबाबात मिशीवर ताव देत आहेत. लोक का हसतात म्हणून त्यांनी मान वळवून मागे पाहिलं, तसा अंबाडा सगळ्यांना आणखी नीट दिसला. शेवटी त्यांचा हात टोपीला गेला आणि मागे अडला. तसे ते दरडावून म्हणाले, "कोनाले सांगू नका. वेषांतर करून आलो."

कार्यक्रम वाचला. घरी जाऊन आम्ही वहिनींना सगळं साग्रसंगीत सांगितलं. त्या अंगावर चादर घेऊन ऐकत होत्या. सगळं ऐकून घेतलं आणि रमेशकडे बघून म्हणाल्या, "माहं गंगावन वापस आनलं का?"

अंबाड्यातले ते खोटे केस धावपळीत तिथेच कुठेतरी पडले होते. रमेश दुसऱ्या दिवशी जाऊन शोधून घेऊन आला.

* * *

देशकर सरांचे इंग्लंडातले भाऊ मध्यंतरी बऱ्याच वर्षांनी आले. आता तेही म्हातारे. सर त्यांना कौतुकानं आमच्या कार्यक्रमाला घेऊन आले. सगळ्या उद्योगाचं मूळ तेच ना. कार्यक्रम झाल्यावर ते आत आले आणि दोरीकडे, आरशाकडे, पाठीवरच्या टिचबटणांकडे बघत राहिले.

"तुम्ही हे खरंच करता?" त्यांनी विचारलं.

"म्हंजे?" मधूभाऊ म्हणाले.

"अहो, ते लोक असं नव्हते करत. पाद्री झाला की कॅमेरा बंद. तो नट आरामात कपडे बदलणार, चहा पिणार, मग म्हातारी होऊन उभा राहणार, मग कॅमेरा चालू. नंतर सगळे तुकडे जोडायचे."

देशकर सर आपल्या चपलांकडे बघत होते. ज्या गोष्टीसाठी आम्ही इतकी वर्षं धावलो, घामानं निथळलो, ऑफिसचे शर्ट फाडले, ती मुळात कोणी केलीच नव्हती. मधूभाऊंचा चेहरा पडला होता. आणि मला, खरं सांगतो, एकदम अभिमान वाटला.

वहिनी कपड्यांच्या घड्या घालत होत्या. त्यांनी एक घडी पूर्ण केली आणि विचारलं, "मंग त्याईच्या बायका काय करत होत्या?"

* * *

आणि आता केळझर. केळझर हे कुंदावहिनींचं माहेर. गेल्या वर्षी तिथल्या मंडळानं आम्हाला बोलावलं आणि अट घातली. गावची लेक येते आहे, तिचा सत्कार पहिल्यांदा होईल आणि ती पहिल्या रांगेत बसेल. मंडळाचे अध्यक्ष वहिनींचे चुलतभाऊ. मेहुण्याला नाही म्हणायची सोय नव्हती.

रमेशच्या साहेबांना पुन्हा रजेवर पाठवलं आणि वहिनींनी त्याला आणि मला आठवडाभर शिकवलं. लोडाला कपडे घालायचे, काढायचे, पुन्हा घालायचे. लोडाला किती धपाटे बसले त्याला गणती नाही. क्रमाच्या चिठ्ठ्या त्यांनी दोरीवर शिवूनच टाकल्या. निघायच्या दिवशी शेवटचा कपडा म्हणून एक नवी साडी माझ्या हातात दिली, निऱ्यांसकट शिवलेली, जांभळी, त्यांच्या भाचीच्या लग्नातली.

"हे मुक्या बाईले. माह्या गावात जुनी नोको. आन् भाऊजी, मले तिलेच पाहाचं हाय. लोक काऊन हासतात थे आज समजन."

हे मी मधूभाऊंना सांगितलं. ते विंगेतल्या ट्रंकेवर बसले. "आज मुकी बाई नाई," ते म्हणाले. "सहाच पात्रं. सांगजो का भाऊची तब्येत बिघडली."

सत्कार झाला, वहिनींना शाल आणि नारळ मिळाला. मग त्या लगबगीनं आत आल्या, मधूभाऊंच्या पहिल्या शर्टाची शेवटची पिन स्वतः लावली, आमच्यावर विश्वास नव्हताच, आणि धावत जाऊन पहिल्या रांगेत बसल्या. बाजूला त्यांच्या म्हाताऱ्या काकू.

सहा पात्रं चांगली झाली. दोन धपाटे द्यायचे तिथे रमेशनं एक दिला आणि डॉक्टर अर्ध्या कोटात बाहेर गेला, तेवढं सोडलं तर. मी पडद्याच्या फटीतून वहिनींकडे बघत होतो. त्या अजिबात हसत नव्हत्या. त्यांचे डोळे मधूभाऊंच्या खांद्यांवर, बाह्यांवर, कमरेवर फिरत होते, आणि मांडीवर हातांची बोटं चालू होती.

सहावं पात्र आत आलं. मधूभाऊंनी मला पडदा ओढायची खूण केली. तेवढ्यात बाहेरून लोक ओरडायला लागले, "मुकी बाई! मुकी बाई!" सगळा गाव. वहिनी ओरडत नव्हत्या. नुसत्या स्टेजकडे बघत होत्या, पाठ सरळ करून.

मधूभाऊंनीही फटीतून बघितलं. बराच वेळ बघितलं. मग आरशासमोर गेले आणि हात पुढे केले.

जांभळी साडी नेसून मुकी बाई बाहेर आली. तोंडात पिना, कमरेला पदर. हवेतला माणूस ओढला, फिरवला, उपसला, कोंबला, धपाटा घालून पाठवला. हशा उसळला. मग ती कडेला उभी राहिली आणि त्याचे शब्द ओठांनी म्हणू लागली, आणि काकू भर सभेत म्हणाल्या, "अवं, हे तं आपली कुंदी हाय!"

सगळी रांग वळून वहिनींकडे बघायला लागली. मग मागची रांग. लोक एकदा स्टेजवर बघत, एकदा खाली, आणि हशा दुप्पट व्हायचा. कारण वहिनींच्या तोंडात पिना होत्या. धावपळीत काढायच्याच राहिल्या होत्या. इतका वेळ त्या तशाच बसल्या होत्या. स्टेजवर एक बाई आणि खाली एक बाई, दोघी पिना धरून एकमेकींकडे बघत होत्या.

वहिनींनी एकेक पिन काढली आणि पदराला लावली. चेहऱ्यावरून काही कळत नव्हतं. मग त्या उठल्या आणि आतल्या बाजूला निघाल्या. मी घाईनं पडदा ओढला.

मधूभाऊ आरशापाशी उभे होते, तसेच, साडीत, तोंडात पिना. बोलताही येत नव्हतं. वहिनी आल्या. त्या नेहमीसारख्या मागे गेल्या नाहीत. समोर उभ्या राहिल्या. वरपासून खालपर्यंत बघितलं. पदर बघितला, कमरेला खोचलेला भाग बघितला, तोंडाकडे बघितलं. रमेश आणि मी दोरी धरून उभे होतो.

"पिना मी डाव्या कोपऱ्यात धरते," वहिनी म्हणाल्या. "तुमी उजव्या काऊन धरल्या?"

मधूभाऊंनी पिना काढून हातात घेतल्या.

"मले आरशात तशाच दिसतात," ते म्हणाले.

बाहेर टाळ्या थांबत नव्हत्या. वहिनींनी त्यांच्या हातातल्या पिना घेतल्या आणि त्यांच्या तोंडात डाव्या कोपऱ्यात नीट बसवल्या. खांद्याला धरून त्यांना पडद्याकडे फिरवलं, पाठीवरचं एक सुटलेलं बटण लावलं, आणि एक धपाटा घातला.